भारतातील पर्वतशिखरे : उंचीचा कोणता आकडा धरायचा?

जुना धरमपेठकर

नमस्कार मंडळी. आमच्या वस्तीच्या वाचनालयातील एक भिंत बरीच वर्षे रिकामी आहे. तिच्यावर भारतातील उल्लेखनीय पर्वतशिखरांचा तक्ता लावावा असे समितीने ठरवले आणि निवृत्त माणसाला वेळच वेळ असतो, या सार्वत्रिक समजुतीने ते काम माझ्याकडे आले. नववीतली नात मदतीला आहे. दोन संध्याकाळींत उरकेल असे वाटले होते. आज तिसरा आठवडा चालू आहे आणि तक्त्याची पहिली ओळसुद्धा पक्की झालेली नाही.

अडचण अशी आहे. माझ्या कपाटातील जुन्या नकाशासंग्रहात कांचनगंगेची उंची ८,५९८ मीटर दिली आहे, तर नातीने इंटरनेटवर पाहिली ती ८,५८६ मीटर निघाली. नंदादेवी एका पुस्तकात ७,८१६ आणि दुसऱ्यात ७,८१७. एक मीटर मी सोडून देईन, पण बारा मीटर म्हणजे आमच्या समोरची चार मजली इमारत झाली; ती हिशेबातून अशी कशी गळावी? त्याहून मोठा घोळ पहिल्या ओळीचा आहे. भारतातील सर्वोच्च शिखर म्हणून काही पुस्तके के-२ चे नाव देतात, काही कांचनगंगेचे, आणि माझे एक स्नेही नंदादेवीवर अडून बसले आहेत. तिघांकडेही छापील पुरावा आहे. तक्ता भिंतीवर लागणार आहे आणि खाली मुले उभी राहून वाचणार आहेत, म्हणून विचारतो.

भूगोलाच्या बाई

काका, तिन्ही पुस्तके आपापल्या जागी बरोबर आहेत, कारण ती तीन वेगवेगळ्या प्रश्नांची उत्तरे देत आहेत.

के-२ ची उंची ८,६११ मीटर आहे. भारत सरकारच्या अधिकृत नकाशात ते शिखर आपल्या हद्दीत येते. प्रत्यक्षात ते पाकिस्तानच्या ताब्यातील गिलगिट-बाल्टिस्तान आणि चीनच्या ताब्यातील प्रदेश यांच्या सीमेवर आहे, त्यामुळे आपल्या बाजूने तेथे पोहोचता येत नाही. कांचनगंगा सिक्कीम आणि नेपाळ यांच्या सीमेवर उभी आहे, म्हणजे तिचा अर्धा उतार आपला. नंदादेवी मात्र संपूर्णपणे उत्तराखंडात, सर्व बाजूंनी भारतीय भूमीत आहे. 'नकाशाप्रमाणे सर्वोच्च', 'ताब्यातील सर्वोच्च' आणि 'पूर्णतः देशांतर्गत सर्वोच्च' अशा तीन ओळी करा आणि आपल्या स्नेह्यांनाही शांत करा. एव्हरेस्ट नेपाळ व चीन यांच्या सीमेवर असल्यामुळे ते या तक्त्यात येत नाही, हे तळटीपेत लिहायला विसरू नका. दर वर्षी वर्गातील निम्मी मुले ते भारतात घालतात.

मोजणीदार (निवृत्त)

बाईंनी सीमेचा प्रश्न सोडवला आहे, म्हणून मी बारा मीटरांचा प्रश्न घेतो. सर्वेक्षणाच्या कामात माझी बरीच वर्षे गेली, त्यामुळे या विषयावर मला थोडक्यात बोलता येत नाही, हे आधीच सांगून ठेवतो.

हे आकडे मुळात मीटरचे नाहीत. ८,५८६ हे २८,१६९ फुटांचे रूपांतर आहे आणि ८,५९८ हे २८,२०८ फुटांचे. म्हणजे आपल्यासमोर दोन स्वतंत्र मोजण्या आहेत. एक बरोबर आणि दुसरी छपाईची चूक, असा हा प्रकार नाही. आपल्याकडील बऱ्याच शालेय पुस्तकांनी दुसरा आकडा धरला आणि जगभरातील गिर्यारोहकांनी पहिला.

आता या मोजण्या कशा होत असत ते पाहू. शिखरावर कोणी चढत नसे. एकोणिसाव्या शतकात नेपाळमध्ये शिरण्याची परवानगी सर्वेक्षकांना नव्हती, म्हणून १८४९-५० च्या सुमारास उत्तर बिहारच्या सपाटीवरील ठाण्यांवरून, शंभराहून अधिक मैल दूर असलेल्या शिखरांवर थिओडोलाइट (कोन मोजणारी दुर्बीण) रोखून उभे कोन घेतले गेले. तळातील दोन ठाण्यांमधील अंतर माहीत असले आणि दोन्हीकडून कोन घेतले की शिखराचे अंतर निघते, आणि अंतर व उभा कोन मिळाला की उंची निघते. कागदावर हे दहावीचे गणित आहे. प्रत्यक्षात ११० मैलांवरून पाहताना पृथ्वीच्या गोलाईमुळे शिखर आडव्या नजररेषेच्या तुलनेत जवळजवळ अडीच किलोमीटर खाली बुडालेले असते आणि हवेतील वक्रीभवनामुळे, म्हणजे प्रकाशकिरण वाकल्यामुळे, ते परत तीनशे मीटरांच्या आसपास वर उचललेले दिसते. हे उचलणे स्थिर नसते. सकाळच्या गार हवेत वेगळे, दुपारी वेगळे. डोंगर हलत नाही आणि कोन मात्र हलत राहतो. सर्व निरीक्षणांची सरासरी काढून वक्रीभवनाचा गुणक ठरवायचा आणि त्या गुणकावर पुढच्या बारा मीटरांचे भवितव्य ठरायचे.

याच पद्धतीने 'पंधरावे शिखर' एवढीच ओळख असलेल्या शिखराची उंची कोलकात्यातील कार्यालयात काढली गेली. तेथील गणकांचे प्रमुख राधानाथ सिकदार होते. १८५६ मध्ये सर्वेक्षणाचे प्रमुख अँड्र्यू वॉ यांनी २९,००२ फूट हा आकडा जाहीर केला आणि शिखराला आपले पूर्वाधिकारी जॉर्ज एव्हरेस्ट यांचे नाव दिले. त्याआधी काही काळ कांचनगंगा हेच जगातील सर्वोच्च शिखर मानले जात होते, आणि त्याच्याही आधी धवलगिरी. त्याच १८५६ साली टी. जी. माँटगोमेरी यांनी काश्मीरमधील हरमुख पर्वतावरून दूरवरच्या काराकोरम रांगेतील शिखरांना के-१, के-२ असे क्रमांक दिले. के म्हणजे काराकोरम. के-१ ला मशेरब्रुम हे स्थानिक नाव होते म्हणून त्याचा क्रमांक गळाला. के-२ इतके आडबाजूला आहे की त्याला सर्वमान्य स्थानिक नाव सापडले नाही आणि वहीतला क्रमांकच नाव होऊन बसला.

बर्डीचा रहिवासी

या सर्व मोजणीचा आरंभ आपल्या नागपुरातूनच झाला ना? झिरो माइलचा स्तंभ त्यासाठीच उभारला होता, असे लहानपणापासून ऐकत आलो आहे. तक्त्यात ते यायला हवे.

मोजणीदार (निवृत्त)

नाही. अभिमान मलाही आहे, पण येथे दोन गोष्टींची सरमिसळ होते आणि ती भिंतीवर जाऊ नये.

त्रिकोणमितीय सर्वेक्षणाची सुरुवात १८०२ मध्ये मद्रासजवळ झाली. विल्यम लॅम्बटन यांनी तेथे सुमारे साडेसात मैलांची आधाररेषा साखळीने मोजली आणि तेथून त्रिकोणांची माळ उत्तरेकडे सरकत गेली. त्यांच्या मोठ्या थिओडोलाइटचे वजन अर्ध्या टनाच्या आसपास होते. तो डोंगरमाथ्यांवर, आणि डोंगर नसेल तेथे देवळांच्या गोपुरांवर चढवावा लागे. १८०८ मध्ये तंजावरच्या मंदिरावर चढवताना तो आपटून त्याचे वर्तुळ वाकले, आणि लॅम्बटन यांनी तंबूत बसून ते आपल्या हातांनी सरळ केले. मुक्काम हैदराबादहून नागपूरकडे हलवत असताना २० जानेवारी १८२३ रोजी हिंगणघाट येथे त्यांचे निधन झाले. कबर तेथेच आहे. आपल्यापासून जेमतेम दोन तासांच्या अंतरावर. विदर्भाचा या कथेशी खरा संबंध हा आहे, आणि तो आपल्याच लोकांना ठाऊक नसतो. लॅम्बटन यांना हिमालय कधी दिसला नाही. पृथ्वीचा आकार नेमका कसा आहे, हा त्यांचा प्रश्न होता. त्यांच्यानंतर एव्हरेस्ट यांनी ती माळ पुढे नेली आणि १८४१ पर्यंत ती हिमालयाच्या पायथ्याशी पोहोचली.

झिरो माइलजवळचा बेंचमार्क, म्हणजे मोजलेली उंची कोरलेला दगड, १९०७ सालचा आहे, म्हणजे लॅम्बटन यांच्या मृत्यूनंतर चौऱ्याऐंशी वर्षांचा. तो त्रिकोणांचा नसून लेव्हलिंगचा, म्हणजे टप्प्याटप्प्याने उंचीतील फरक मोजत जाण्याच्या कामाचा आहे. त्यावर समुद्रसपाटीपासूनची उंची १,०२०.१७१ फूट अशी कोरली आहे. तेथील चार घोडे बघून लोक परत जातात. हा आकडा वाचायला फार थोडे थांबतात. मीटरमध्ये ती उंची ३१०.९४८ होते. फुटाचा हजारावा भाग लिहिण्याची हिंमत त्या काळच्या लोकांना कोठून आली, हे लेव्हलिंगचे काम केलेल्या माणसालाच कळते. बंदरापासून निघायचे, दोन स्टाफच्या (आकडे लिहिलेल्या उभ्या पट्ट्यांच्या) बरोबर मध्ये लेव्हल (आडवी नजररेषा देणारी दुर्बीण) मांडायची, मागच्या स्टाफवरचा आकडा म्हणजे बॅकसाइट घ्यायची, पुढच्याची फोरसाइट घ्यायची, फरक वहीत लिहायचा आणि उचलून पुढे जायचे. दोन्ही स्टाफ समान अंतरावर ठेवले की गोलाई आणि वक्रीभवन दोन्ही आपोआप कटतात. असे करत करत समुद्रापासून नागपूरपर्यंत चालत यायचे आणि ताळा जुळतो का हे पाहण्यासाठी परत चालत जायचे. शिखराची उंची मीटरच्या अंशात सांगणाऱ्या आजच्या आकड्यांच्या मुळाशी असलीच पायपीट आहे.

बर्डीचा रहिवासी

दुरुस्ती मान्य. उद्या सकाळी फिरायला जाताना तो आकडा बघून येतो.

पायवाट

उंचीच्या आकड्यांबाबत माझा एक स्वानुभव नोंदवतो. काही वर्षांपूर्वी मी डिसेंबरात उत्तराखंडातील केदारकंठा शिखराला गेलो होतो. मनगटावर उंची दाखवणारे नवे घड्याळ होते आणि त्याचा मला फार अभिमान होता. पायथ्याच्या सांकरी गावातून निघून दुसऱ्या रात्री आम्ही तंबू लावला. झोपताना घड्याळाने दाखवलेली उंची मी वहीत टिपली, आणि पहाटे उठून पाहतो तर तंबू चाळीस मीटर वर चढला होता. तंबू जागचा हलला नव्हता. रात्रीतून हवेचा दाब उतरला होता आणि घड्याळ दाब मोजून त्यालाच उंची समजत होते. सकाळी बर्फ पडायला लागला तेव्हा उलगडा झाला.

परतल्यावर सहल नेणाऱ्या संस्थेने प्रत्येकाला प्रमाणपत्र दिले. त्यावरील उंची गावातल्या फलकावरील उंचीपेक्षा पाचशे फुटांनी जास्त होती. मी विचारले तेव्हा व्यवस्थापक हसून म्हणाले, 'साहेब, तुमचेच पाचशे फूट वाढले, तक्रार कशाची करता?' ते प्रमाणपत्र आईने चौकट करून दिवाणखान्यात लावले आहे. पाहुणे वाचतात आणि मी पाणी आणायला आत जातो.

एक गोष्ट मात्र तेथे खोटी बोलली नाही : डाळ. त्या उंचीवर पाणी सत्त्याऐंशी-अठ्ठ्याऐंशी अंशांनाच उकळते, त्यामुळे तुरीची डाळ तासभर खदखदूनही दाताखाली कचकच करत राहिली. पूर्वीचे प्रवासी उकळत्या पाण्याचे तापमान पाहूनच उंचीचा अंदाज घेत असत असे वाचले होते. त्याची प्रचिती भूक लागलेली असताना आली.

ओळंबा

मोजणीदार काकांनी वक्रीभवनाचे सांगितले, पण डोंगराने सर्वेक्षकांना चकवल्याची सर्वांत सुंदर गोष्ट राहून गेली, ती मी सांगतो.

थिओडोलाइट असो वा आकाशातील तारा पाहण्याचे यंत्र, ते उभे करण्यासाठी ओळंबा सोडावा लागतो. गवंड्याच्या हातात असतो तोच. ओळंबा सरळ खाली पृथ्वीच्या मध्याकडे जातो असे आपण धरून चालतो. पण शेजारी हिमालयाएवढा ढीग असेल तर तो ढीगही ओळंब्याला आपल्याकडे ओढणार. मोजणीदार काकांनी सांगितलेल्या त्रिकोणांच्या माळेवरील कलियाना हे ठाणे हिमालयापासून जवळ, उत्तर प्रदेशात. कल्याणपूर हे ठाणे बरेच दक्षिणेला, मध्य प्रदेशात सिरोंजजवळ. या दोहोंमधील अक्षांशाचा फरक जमिनीवरील त्रिकोणांवरून एक येत होता आणि ताऱ्यांवरून दुसरा. तफावत होती ५.२३६ सेकंदांची, म्हणजे अंशाच्या सहाशेव्या भागापेक्षाही कमी. एखाद्याने ती चूक म्हणून वाटून टाकली असती.

कोलकात्याचे धर्मोपदेशक जॉन प्रॅट उत्तम गणिती होते. त्यांनी हिमालयाचे अंदाजे वस्तुमान धरून त्याची ओढ किती असावी याचा हिशेब मांडला आणि उत्तर आले जवळजवळ सोळा सेकंद. ओळंबा हलला होता हे खरे, पण हलायला हवा होता त्याच्या एकतृतीयांशच. मग डोंगर दिसतो तेवढा भरीव नाही काय? १८५५ मध्ये जॉर्ज एअरी यांनी स्पष्टीकरण सुचवले की पर्वताखाली हलक्या खडकाची खोल मुळी असावी आणि ती खालच्या जड थरात, पाण्यात बर्फाचा डोंगर तरंगावा तशी, बुडालेली असावी. वर जेवढा उंच, खाली तेवढा खोल. प्रॅट यांनी स्वतः वेगळी मांडणी केली. त्या वादातून भूपृष्ठाच्या समतोलाची कल्पना उभी राहिली, जी आज भूशास्त्राच्या पहिल्या वर्षाला शिकवतात. भारतीय उपखंड आशियाच्या भूखंडावर सुमारे पाच कोटी वर्षांपूर्वी आदळला आणि कवच दुमडून जाड झाले, हे पुढे विसाव्या शतकात कळले. पण खाली मुळी आहे हे एका लोंबत्या शिशाच्या गोळ्याने आधीच सांगून ठेवले होते.

जाता जाता : आजची उपग्रहावर आधारित यंत्रेही या प्रश्नातून सुटलेली नाहीत. ती एका कल्पित गुळगुळीत लंबगोलापासून उंची देतात, आणि समुद्रसपाटी त्या लंबगोलाशी जुळत नाही. भारताच्या दक्षिणेस हिंदी महासागरात हा फरक शंभर मीटरांहून अधिक आहे. एव्हरेस्टचा ८,८४८.८६ मीटर हा आकडा नेपाळ आणि चीनने डिसेंबर २०२० मध्ये मिळून जाहीर केला, तेव्हा त्यातही उपग्रहाच्या मोजणीबरोबर गुरुत्वाकर्षणाची मोजणी होतीच.

जुना धरमपेठकर

आपण सर्वांनी माझ्या बारा मीटरांचे सोने केलेत. ओळंब्याची गोष्ट नातीला वाचून दाखवली. तिने लगेच दोऱ्याला किल्ली बांधून कपाटाजवळ धरून पाहिली. कपाटाने ओढले नाही.

आता पुढचा प्रश्न. हिमालय सोडून उरलेल्या भारतातील कोणती शिखरे घ्यावीत? उंचीच्या क्रमाने गेलो तर पहिली शंभर नावे हिमालय आणि काराकोरममध्येच संपतील आणि आपल्या मुलांना वाटेल की खाली सगळे मैदानच आहे.

भूगोलाच्या बाई

क्रमाने जाऊच नका. उंचीचा क्रम लावला की साल्तोरो कांगरी, सासेर कांगरी, कामेत अशी नावे एकामागून एक येतात आणि वाचणाऱ्याला त्यांत भेद कळत नाही. त्याऐवजी प्रत्येक पर्वतरांगेचा माथा घ्या.

तसे करताना मात्र पाठ्यपुस्तकांतील दोन विधाने तपासून घ्या, कारण मी स्वतः ती अनेक वर्षे तशीच शिकवली आहेत. पहिले : 'हिमालय आणि निलगिरी यांच्या दरम्यानचे सर्वोच्च शिखर म्हणजे अबूजवळचे गुरुशिखर.' गुरुशिखर १,७२२ मीटर आहे आणि अरवलीत त्याला तोड नाही, हे खरे. पण निलगिरीच्या उत्तरेला, कर्नाटकात, कुद्रेमुख १,८९४ मीटर आहे आणि चिकमगळूरजवळचे मुळ्ळयनगिरी तर १,९०० मीटरांच्याही वर जाते. नकाशावर पट्टी ठेवली की हे विधान पडते, आणि तरी स्पर्धापरीक्षांच्या पुस्तकांतून ते हलत नाही. दुसरे : 'पूर्व घाटातील सर्वोच्च शिखर महेंद्रगिरी.' महेंद्रगिरी १,५०१ मीटर. ओडिशातीलच देवमाळी १,६७२ आणि आंध्रातील अरमाकोंडा १,६८०. एका विद्यार्थिनीने वर्गात उभे राहून मला हे दाखवले होते. त्या दिवशी मी तिला शाबासकी दिली, पण घरी येईपर्यंत कान गरम होते.

हिमालयाच्या दक्षिणेकडील खरा राजा केरळातील अनैमुडी, २,६९५ मीटर. नावाचा अर्थ हत्तीचे कपाळ, आणि खालून पाहिले की नाव पटते. त्याच्या उतारांवरच्या एरविकुलम राष्ट्रीय उद्यानात निलगिरी ताहर हा डोंगरी बकऱ्याच्या जातीचा प्राणी निर्धास्तपणे माणसांच्या शेजारून चरत जातो आणि बारा वर्षांतून एकदा निळी कुरिंजी फुलते. हे शिखर आणखी एका कारणाने तक्त्यात मानाने यावे. डोंगर किती 'स्वतंत्र' आहे हे पाहण्याची एक रीत आहे : त्याच्याहून उंच डोंगराकडे जाताना कमीत कमी किती खाली उतरावे लागते ते मोजायचे. अनैमुडीहून निघून तिच्याहून उंच जागी जायचे तर थेट हिमालय गाठावा लागतो आणि वाटेत २,४७९ मीटर उतरावे लागते. के-२ साठी हाच आकडा ४,०२०, नंदादेवीसाठी ३,१३९. हिमालयातील सात हजार मीटरांचे कित्येक माथे या कसोटीवर शेजारच्या शिखराचा खांदा ठरतात. म्हणून मला नुसत्या उंचीपेक्षा हा आकडा अधिक प्रामाणिक वाटतो.

ईशान्येकडून नागालँड आणि म्यानमार यांच्या सीमेवरील सारामती अवश्य घ्या, ३,८२६ मीटर.

चौरागडचा यात्रेकरू

आणि आमचे डोंगर? नागपूरच्या माणसाने आयुष्यात पहिला खरा डोंगर पाहिलेला असतो तो पचमढीचा. छिंदवाडा, तामिया, मटकुली अशी वळणे घेत गाडी वर चढते आणि पोरे खिडकीशी भांडतात. तेथील धूपगड हे सातपुड्याचे आणि मध्य प्रदेशाचेही सर्वोच्च शिखर, सुमारे १,३५० मीटर. सूर्यास्त पाहायला जिप्सीतून वर जाणाऱ्या शंभरांतल्या पाच जणांनाही हे माहीत नसते. आपला बहुतेक महाराष्ट्र काळ्या बेसाल्टचा, पण पचमढी वालुकाश्माची आहे. म्हणून तेथे एवढे उभे कडे, गुहा आणि अरुंद घळी आहेत.

मात्र आमच्या घरात डोंगर म्हणजे धूपगड नव्हे, चौरागड. तो धूपगडाहून थोडा ठेंगणा आहे. महाशिवरात्रीला विदर्भातून माणसे खांद्यावर त्रिशूळ घेऊन निघतात, कोणी वीतभराचा, कोणी दोन माणसांना उचलावा लागेल असा. नवस फेडण्यासाठी आणलेले ते त्रिशूळ माथ्यावरील देवळाभोवती रोवले जातात आणि त्यांचे गंजके रान तयार झाले आहे. माझ्या आजोबांनी नेलेला त्रिशूळ त्यातच कोठेतरी आहे. हजारावर पायऱ्या चढून गेल्यावर वडिलांनी तो शोधायचा प्रयत्न केला आणि मग सगळ्यांनाच एकदम नमस्कार केला. श्रावणात नागपंचमीच्या सुमारास नागद्वारची यात्रा असते, तेव्हा याच डोंगरांत चिखलातून रांगा लागतात. या लोकांना उंचीचा आकडा विचारला तर सांगता येणार नाही. किती पायऱ्यांवर दम लागतो हे विचारा.

महाराष्ट्रासाठी कळसूबाई, १,६४६ मीटर, हे सर्वांनाच ठाऊक आहे. विदर्भासाठी चिखलदऱ्याजवळचे वैराट लिहा, सुमारे १,१७७ मीटर. गाविलगडच्या डोंगरांचा तो माथा आहे.

पायवाट

तक्त्यात 'पहिली चढाई' असाही रकाना असेल तर एक योगायोग सुचवतो. झिरो माइलच्या बेंचमार्कवर १९०७ साल आहे असे वर आले. त्याच वर्षी जून महिन्यात टॉम लाँगस्टाफ यांनी गढवालमधील त्रिशूळ शिखर सर केले. उंची ७,१२० मीटर. सात हजार मीटरांवरील शिखर माणसाने चढण्याची ती पहिलीच वेळ. शिवाय चौरागडच्या त्रिशुळांशेजारी हा त्रिशूळ शोभेल.

भूगोलाच्या बाई

पहिल्या चढाईचा रकाना ठेवलात तर त्याच्या शेजारी 'आता चढता येते का' हाही ठेवा. नंदादेवीवर १९३६ मध्ये टिलमन आणि ओडेल पोहोचले. त्याआधी दोन वर्षे शिप्टन आणि टिलमन यांना ऋषिगंगेच्या घळीतून आत शिरण्याची वाट सापडली होती. तोवर नंदादेवीभोवतीच्या शिखरांच्या वर्तुळाच्या आत माणूस पोहोचल्याची नोंद नव्हती. १९६५ मध्ये चीनच्या अणुचाचण्यांवर नजर ठेवण्यासाठी तेथे अणुऊर्जेवर चालणारे उपकरण नेण्यात आले. ते वाटेत ठेवून मोहीम परतली आणि पुढच्या वर्षी ते जागेवर मिळाले नाही. पुढे गिर्यारोहकांच्या गर्दीने आणि कचऱ्याने तो परिसर खराब होऊ लागला, तेव्हा १९८३ पासून तो बंदच करण्यात आला. १९८८ मध्ये त्याला जागतिक वारसा म्हणून मान्यता मिळाली. गढवाल-कुमाऊंच्या लोकांना त्याचे विशेष वाटले नसावे. त्यांच्या लेखी नंदा ही माहेरवाशीण देवी आहे आणि बारा वर्षांनी निघणाऱ्या राजजात या यात्रेत ते तिला सासरच्या वाटेला पोहोचवून, पाया पडून परततात.

कांचनगंगेचे तर आणखी निराळे. २५ मे १९५५ रोजी जॉर्ज बँड आणि जो ब्राउन वर पोहोचले, पण सिक्कीमच्या लोकांना दिलेल्या शब्दाप्रमाणे शेवटची काही पावले न टाकता माथ्याच्या अलीकडे थांबले. दुसऱ्या दिवशीच्या जोडीनेही तेच केले. नंतरच्या कित्येक मोहिमांनी ही रीत पाळली. १९७७ मध्ये भारतीय सैन्याच्या मोहिमेने कर्नल नरेंद्र कुमार यांच्या नेतृत्वाखाली सिक्कीमच्या बाजूने ते शिखर गाठले; आता सिक्कीम सरकारने त्या बाजूने चढाई बंद केली आहे. लडाखमधील स्तोक कांगरीही गावकऱ्यांनी २०२० पासून बंद केली, कारण गावाचे पाणी त्याच हिमनदीतून येते.

पायवाट

स्तोक कांगरीसाठी मी पैसे साठवत होतो. तरीही गावकऱ्यांचेच बरोबर आहे, असे म्हणायला मला दोन वर्षे लागली.

जुना धरमपेठकर

तक्त्याचा आराखडा आज संध्याकाळी पक्का झाला. पहिल्या तीन ओळी बाईंनी सांगितल्याप्रमाणे. कांचनगंगेसमोर ८,५८६ लिहून खाली बारीक अक्षरांत 'जुन्या पुस्तकांत ८,५९८' असे देणार आहोत, म्हणजे घरून पुस्तक घेऊन भांडायला येणाऱ्याची सोय होईल. हिमालयातून सात, बाकीच्या भारतातून नऊ नावे घेतली. वैराट आणि चौरागड दोन्ही आहेत. चौरागडच्या उंचीच्या जागी नातीने 'हजारावर पायऱ्या' असे लिहिले आहे आणि मी ते खोडलेले नाही.

सर्वांत खालच्या ओळीत तुलनेसाठी झिरो माइल, ३१०.९४८ मीटर. त्याच्या लगेच वर सीताबर्डीची टेकडी घालावी असा तिचा हट्ट आहे, कारण वाचनालयात येणारी बरीच मुले ती रोज पाहतात. ती बेसाल्टची आहे, शहराच्या पूर्व बाजूला लागणारे नाइस खडक तिच्याहून कितीतरी जुने आहेत, एवढे मी तिला सांगितले. पण उंची तिला पुस्तकातली नको आहे. बेंचमार्क टेकडीच्या पायथ्याशी असताना आपणच लेव्हल लावून का मोजू नये, असे तिचे म्हणणे. मोजणीदार साहेब, आपल्याकडे लेव्हल असेल तर १५ ऑगस्टला किल्ला लोकांसाठी उघडतो.

मोजणीदार (निवृत्त)

लेव्हल माझ्याकडे आहे, तिपाईसुद्धा. पण किल्ला सैन्याच्या ताब्यात आहे. तिपाई खांद्यावर टाकून आत निघालो तर मला दारातच बसवून ठेवतील. सेमिनरी हिल्स चालत असेल तर येत्या रविवारी सकाळी सहा वाजता झिरो माइलपाशी या. नातीला स्टाफ धरायला लागेल आणि तो हलवायचा नाही, हे तिला आधीच सांगून ठेवा. ऊन चढायच्या आत निम्मे अंतर तरी व्हायला हवे.